पंधराव्या वर्षी घरी पाठवलेला विश्वविजेता : हेर्मान मायरचं प्रकरण

६ जानेवारी १९९६ रोजी ऑस्ट्रियातल्या फ्लाखाउ गावात स्कीइंगच्या विश्वचषक मालिकेतली जायंट स्लालमची, म्हणजे रोवलेल्या काठ्यांच्या गेटांमधून वळणं घेत उतरायची शर्यत होती. मुख्य शर्यत सुरू व्हायच्या आधी त्याच उतारावरून काही जणांना खाली सोडतात. त्यांना फोररनर म्हणतात. रोवलेली गेट जागेवर आहेत ना, बर्फ कुठे उखडलाय का, घड्याळ बरोबर चालतंय का, याची खात्री त्यांच्या धावेवरून करून घेतात. त्यांची वेळ निकालात धरत नाहीत. त्या दिवशीच्या फोररनरांत गावातलाच तेवीस वर्षांचा एक गवंडी होता. तो खाली आला तेव्हा घड्याळाने दाखवलेली वेळ मुख्य शर्यतीत बाराव्या क्रमांकाची ठरली असती.

हा हेर्मान मायर. महिनाभरात, १० फेब्रुवारीला, तो हिंटरश्टोडरला विश्वचषकात अधिकृतपणे उतरला. पुढच्या वर्षी फेब्रुवारीत गार्मिश-पार्टेनकिर्खेनला त्याने सुपर-जी, म्हणजे जायंट स्लालमहून वेगवान आणि कमी वळणांची शर्यत जिंकली. १९९८ च्या नागानो ऑलिंपिकमध्ये दोन सुवर्णपदकं मिळवली. विश्वचषकाचं एकूण विजेतेपद मोसमभरातल्या शर्यतींच्या गुणांवर ठरतं. ते त्याच्याकडे चार वेळा आलं : १९९८, २०००, २००१ आणि २००४. १९९९-२००० च्या मोसमात त्याने बरोबर २००० गुण मिळवले. पुरुषांमधला तो विक्रम स्वित्झर्लंडच्या मार्को ओडरमाटने मोडला तो थेट २०२३ मध्ये. विश्वचषकातल्या ५४ शर्यती जिंकून मायर ऑक्टोबर २००९ मध्ये निवृत्त झाला.

मी सोलापूरच्या पूर्व भागातल्या एका माध्यमिक शाळेत क्रीडाशिक्षक आहे. माझ्या मुलांनी बर्फाचा उतार फक्त मोबाइलवर पाहिलाय. आमचा सराव एप्रिल-मेमध्ये सकाळी सहाला सुरू होतो आणि आठच्या आत आटपावा लागतो, कारण पुढे पारा चाळिशीपार जातो. तरीही निवड चाचण्यांचा मोसम आला की पालकांपुढे आणि सहकारी शिक्षकांपुढे मी हेच प्रकरण मांडतो. आमच्याकडे दर वर्षी जे घडतं तेच मायरच्या बाबतीत घडलं होतं, आणि त्याच्या आयुष्यात ते पुढे कसं उलटलं हे तारीखवार तपासता येतं.

श्लाडमिंगचा निर्णय

मायरचे आईवडील फ्लाखाउमध्ये स्कीइंग शिकवण्याची शाळा चालवत. पंधराव्या वर्षी तो श्लाडमिंगच्या स्की अकादमीत गेला. ऑस्ट्रियातले मोठमोठे स्कीपटू घडवणारी ही संस्था. तिथून त्याला घरी पाठवलं. अंगकाठी किरकोळ, वाढ मागे पडलेली, गुडघे दुखरे. या शरीराने शर्यतीत भवितव्य नाही, असं त्याला सांगण्यात आलं.

त्याची जन्मतारीख आहे ७ डिसेंबर १९७२. स्कीइंगमध्ये वयोगट जन्मवर्षाने ठरतात. म्हणजे जानेवारीत जन्मलेला मुलगा आणि डिसेंबरात जन्मलेला मुलगा एकाच गटात उतरतात. पंधराव्या वर्षी अकरा महिन्यांचा फरक फार मोठा असतो. त्यात वयात येण्याचा वेग प्रत्येकाचा निराळा. मुलांमध्ये उंची झपाट्याने वाढण्याचा काळ सरासरी चौदाव्या वर्षाच्या आसपास येतो, पण काहींना तो बाराव्या वर्षीच गाठतो आणि काहींना सोळाव्या वर्षापर्यंत थांबायला लावतो. जन्मदाखल्यावर एकच वय असलेल्या दोन मुलांच्या शरीराच्या वयात तीन-चार वर्षांचाही फरक पडू शकतो. निवडलेल्या मुलांत वर्षाच्या सुरुवातीला जन्मलेल्यांचा भरणा जास्त असतो, हे आइस हॉकी, फुटबॉल यांसारख्या खेळांत वारंवार दिसून आलंय आणि ऑस्ट्रियातल्याच तरुण स्कीपटूंच्या अभ्यासातही दिसलंय.

उतारावरच्या खेळात लहान अंगाचा तोटा अधिकच होतो. खाली ओढणारं बल वजनावर अवलंबून असतं आणि अडवणारी हवा समोरून दिसणाऱ्या अंगाच्या क्षेत्रफळावर. मुलगा वाढतो तेव्हा त्याचं वजन ज्या वेगाने वाढतं त्या मानाने हे क्षेत्रफळ कमी वाढतं. त्यामुळे सरळ, वेगवान उतारावर भारी मुलगा काही अधिक न करताही पुढे निघतो. तंत्र दोघांचं सारखं असलं तरी घड्याळ भारी मुलाच्या बाजूने बोलतं. स्कीइंगचे निकाल सेकंदाच्या शंभराव्या भागात लागतात. तिथे हा फरक झाकला जात नाही.

गुडघ्यांचं दुखणं होतं ऑसगूड-श्लाटर. हे नाव ऐकून आमच्याकडचे पालक घाबरतात, म्हणून थोडं सविस्तर सांगतो. मांडीचे पुढचे स्नायू गुडघ्याच्या वाटीवरून खाली येऊन नडगीच्या हाडाच्या वरच्या टोकाला एका उंचवट्यावर बांधलेले असतात. वाढत्या वयात तो उंचवटा अजून पक्का झालेला नसतो, कूर्चेचा असतो. हाड भराभर लांबतं, स्नायू त्या मानाने आखूड पडतात, आणि प्रत्येक उडीला, प्रत्येक धावेला ते त्या कच्च्या जागेला ओढतात. तिथे सूज येते, गोळी आल्यासारखा उंचवटा दिसतो, जिना चढताना आणि गुडघे टेकून बसताना कळ येते. वाढ पूर्ण झाली, ती जागा पक्की झाली, की बहुतेकांचं दुखणं जातं. उंचवटा राहिला तरी त्रास राहत नाही. म्हणजे श्लाडमिंगमध्ये मायरच्या विरोधात गेलेल्या गोष्टींपैकी एक तर काळाबरोबर आपोआप जाणारी होती. दुसरी, किरकोळ अंगकाठी, तीही तशीच.

मायरच्या गोष्टीत श्लाडमिंगच्या लोकांना आंधळं ठरवायची पद्धत आहे. मला ते पटत नाही. त्या दिवशी त्यांच्यापुढे उभा असलेला मुलगा खरोखरच लहान होता, खरोखरच मागे पडत होता. त्यांनी त्या दिवसाचं शरीर बरोबर वाचलं. पण त्या वाचनाला मुदत घातली नाही. दीड वर्षाने परत ये, तेव्हा पुन्हा मोजू, असं सांगण्याची सोय ठेवली नाही. माझा सगळा रोख या एका मुद्द्यावर आहे.

विटा आणि बर्फ

मायर फ्लाखाउला परतला. गवंडीकामाची उमेदवारी केली. हिवाळ्यात वडिलांच्या शाळेत पर्यटकांना स्कीइंग शिकवायचं, एरवी बांधकामावर. प्रादेशिक शर्यतींत भाग घेत राहिला, साल्झबर्ग आणि टिरोल या प्रांतांतल्या काही स्पर्धा जिंकलाही. अशी आठ वर्षं गेली.

हा भाग आला की पालकसभेत सगळे सरसावून बसतात. विटा उचलून पोलादी झालेला खेळाडू, ही गोष्ट ऐकायला सगळ्यांनाच आवडते. गेल्या वर्षी मात्र मागच्या बाकावरून एक पालक उठले. ते स्वतः गवंडी. त्यांच्या मुलाचीच गोष्ट मी पुढे सांगणार आहे.

"सर, एक बोलू का? विटा उचलतो तो बिगारी. गवंडी दिवसभर उकिडवा बसून थर लावतो. एका हातात थापी, एका हातात वीट, नजर ओळंब्यावर. दहा वर्षांत गुडघे जातात, कंबर जाते. ह्यानं कुणी पैलवान होत नाही."

मी म्हणालो, "मामा, मग मायर कसा झाला असेल?"

"खायला मिळालं असेल. आणि हिवाळ्यात काम बंद, म्हणजे अंगाला आराम. वर बापाचीच शाळा. रोज बर्फावर जायला कोण अडवणार?"

मला या प्रकरणावरचं याहून नेमकं भाष्य कुठे वाचायला मिळालेलं नाही. उशिरा वाढलेलं शरीर, पोटभर जेवण, मोसमी काम, आणि घरापासून चालत जाण्याच्या अंतरावर सरावाची जागा, तीही फुकट. मायर कष्टाळू होता यात शंकाच नाही. पण कष्ट रुजायला जी जमीन लागते ती त्याला गावात आयती मिळाली. त्या जमिनीत सगळ्यात मोलाची गोष्ट म्हणजे फोररनरची ती जागा. राष्ट्रीय संघात नसलेल्या, कुठल्याही यादीत नाव नसलेल्या माणसाला जगातल्या पहिल्या फळीच्या खेळाडूंच्याच मार्गावर, त्याच दिवशी, त्याच घड्याळावर उतरायला मिळालं. त्याची वेळ निकालात धरली नाही, पण लिहिली गेली. लिहिली गेली म्हणून वाचली गेली. त्यानंतर त्याला विश्वचषकाच्या खालच्या पायरीच्या युरोप चषकात संधी मिळाली आणि त्याच मोसमात त्याने त्या चषकाचं एकूण विजेतेपद घेतलं.

समजा ती विश्वचषक शर्यत फ्लाखाउऐवजी दुसऱ्या गावी भरली असती. हा विचार मनात आला की मला आमच्या शाळेच्या हजेरीपटावरची नावं आठवतात.

नागानो, थोडक्यात

१३ फेब्रुवारी १९९८. डाउनहिलमध्ये, म्हणजे स्कीइंगच्या सगळ्यात वेगवान शर्यतीत, मायर वरच्या भागातल्या एका वळणावर वेगाने हवेत फेकला गेला, बर्फावर आदळला, सुरक्षेच्या जाळ्या तोडून पलीकडे पडला. ते छायाचित्र जगभर छापलं गेलं. तीन दिवसांनी त्याने सुपर-जीचं सुवर्ण घेतलं, त्यानंतर आणखी तीन दिवसांनी जायंट स्लालमचं. मुलांना ही चित्रफीत दाखवली की वर्गात आरडाओरडा होतो. मी ती दाखवतो, पण तिच्यावर वेळ घालवत नाही. पडून लगेच उठणं हा इथे आमचा प्रश्न नाहीच. आमची मुलं रोज पडतात, रोज उठतात.

दोन पुनरागमनं

२४ ऑगस्ट २००१. मायर मोटारसायकलवरून घरी परतत असताना राडश्टाटजवळ एका कारशी टक्कर झाली. उजव्या पायाच्या नडगीचं हाड मोडून बाहेर आलं. पाय कापावा लागतो की काय अशी स्थिती होती. साल्झबर्गच्या डॉक्टरांनी कित्येक तास शस्त्रक्रिया करून पाय वाचवला, हाडात टायटॅनियमचा दांडा घातला. पुढचा संपूर्ण मोसम गेला, त्यातच २००२ चं सॉल्ट लेक सिटी ऑलिंपिकही गेलं.

१४ जानेवारी २००३ ला तो आडेलबोडेनच्या जायंट स्लालममध्ये परतला. या प्रकारात दोन धावा असतात आणि पहिल्या धावेतल्या पहिल्या तिसांनाच दुसरी धाव मिळते. मायर एकतिसावा आला. तेरा दिवसांनी, २७ जानेवारीला, किट्झब्युहेलला त्याने सुपर-जी जिंकली. पुढच्या महिन्यात सेंट मॉरिट्झच्या जागतिक अजिंक्यपद स्पर्धेत सुपर-जीचं रौप्य. २००४ मध्ये चौथ्यांदा विश्वचषकाचं एकूण विजेतेपद. २००५ मध्ये बोर्मिओला जायंट स्लालमचा जगज्जेता. २००६ च्या तुरिन ऑलिंपिकमध्ये एक रौप्य, एक कांस्य.

आता पंधराव्या वर्षीचं परतणं आणि हे परतणं शेजारी शेजारी ठेवून पाहा. माणूस एकच, जिद्द तीच. पहिल्या वेळी शरीरात मोडलेलं काहीच नव्हतं, फक्त वाढ व्हायची होती, तरी परत यायला आठ वर्षं लागली. दुसऱ्या वेळी पाय जवळपास गेला होता, तरी सतरा महिन्यांच्या आत तो शर्यतीच्या सुरुवातीच्या रेषेवर उभा होता.

फरक भोवतीच्या माणसांचा. दुसऱ्या वेळी शस्त्रक्रिया करणारे डॉक्टर होते, फिजिओ होते, ओबरटाउएर्नच्या प्रशिक्षण केंद्रातले हाइनरिख बेर्गम्युलर होते. या केंद्रात मायर अपघाताच्या आधीपासूनच स्थिर सायकलवर तासन्‌तास सराव करायचा. थकव्याबरोबर रक्तात वाढणारं लॅक्टेट मोजून सरावाचा भार ठरवायची तिथली पद्धत. त्यामुळे अपघातानंतर पाय किती भार सोसतोय हे अंदाजावर सोडावं लागलं नाही. आणि सगळ्यात मोठी गोष्ट म्हणजे त्याची जागा कुणी काढून घेतली नव्हती. आडेलबोडेनला एकतिसावा आल्यावर कुणी त्याला घरी जा म्हणालं नाही. पुढच्या शर्यतीत नाव होतंच.

विजेत्याला दुसरी, तिसरी संधी मिळते. पंधरा वर्षांच्या अनोळखी मुलाला पहिलीच मिळते आणि तीच शेवटची असते. खरं तर गरज उलटी आहे. ज्याचं शरीर अजून ठरलेलं नाही त्यालाच पुन्हापुन्हा तपासायला हवं.

आमच्या मैदानावर

त्या गवंडी पालकांचा मुलगा सातवीत होता तेव्हाची ही गोष्ट. जन्म नोव्हेंबरचा, म्हणजे १४ वर्षांखालच्या गटात तो वर्षाच्या शेपटीला. लांब उडी आणि धावणं दोन्हींत चपळ. निवासी प्रशिक्षणाच्या एका निवड चाचणीला मी त्याला घेऊन गेलो होतो. अशा चाचण्यांत उंची, वजन, तीस मीटर धाव, उभी उडी, मेडिसिन बॉलची फेक असं मोजतात आणि प्रत्येकाला गुण देतात. शेजारच्या रांगेत मिसरूड फुटलेला मुलगा उभा होता, त्याच वयोगटातला. मेडिसिन बॉल त्याने सहज लांब फेकला. आमच्याने छातीशी धरून पूर्ण ताकदीने ढकलला आणि तो जवळच पडला. निकालाच्या यादीत नाव नव्हतं. कारण विचारलं तर उंची आणि ताकद कमी, एवढंच उत्तर मिळालं. ते खोटंही नव्हतं.

दोन महिन्यांनी त्याचा डावा गुडघा दुखू लागला. वाटीच्या खाली गोळी आली. घरच्यांनी आधी एका मालिशवाल्याकडे नेलं. त्याने ती जागा रगडली आणि सूज वाढली. मग अस्थिरोगतज्ज्ञांकडे गेल्यावर ऑसगूड-श्लाटरचं निदान झालं. आई विड्या वळते. तिने मला एकच विचारलं, "सर, पोरगं लंगडं तर होणार नाही न्हवं?" मी तिला नडगीचं चित्र काढून दाखवलं आणि मायरचं नाव सांगितलं. ती म्हणाली, "ते तिकडचं. आमचं काय ते सांगा."

आमचं म्हणून जे केलं ते साधं होतं. खेळ पूर्ण बंद केला नाही. उड्या बंद, धावणं दुखेल तिथपर्यंत, सरावानंतर बर्फाचा शेक, मांडीचे स्नायू ताणायचे व्यायाम. डांबरी रस्त्यावर पळणं सोडलं, पार्क स्टेडियमच्या मातीवर आणि जिथे गवत मिळेल तिथे पळायला लागला. प्रार्थनेनंतर गुडघ्यावर बसवायची शिक्षा शाळेत होती. ती सगळ्यांसाठीच थांबवायला मुख्याध्यापकांना पटवलं. खेळाच्या खोलीतल्या कपाटाच्या दारावर उंचीच्या खुणा सुरू केल्या. दर तीन महिन्यांनी, त्याच दिवशी, अनवाणी उभं करून. आता त्या दारावर बऱ्याच मुलामुलींच्या रेघा आहेत. कुणाची रेघ अचानक वर उडी घेतेय हे नुसत्या डोळ्यांना कळतं. ज्याची उडी दिसते त्याचा उड्यांचा सराव आम्ही त्या काळात कमी करतो, कारण गुडघा आणि टाच दुखायचा काळ तोच असतो.

मुलींच्या बाबतीत हिशेब उलटा पडतो, हे इथे सांगायलाच हवं. मुलींची वाढ सरासरी दोनेक वर्षं आधी होते. बाराव्या वर्षी उंच झालेली मुलगी त्या वर्षी सगळ्यांना हरवते. पुढे इतर मुली वाढल्या की ती मागे पडते आणि आळशी झाली म्हणून बोलणी खाते. ती आळशी झालेली नसते. तिलाही थांबून पुन्हा मोजायची तेवढीच गरज असते.

गवंड्याच्या मुलाची रेघ नववीत वर सरकली. गुडघा आता दुखत नाही, गोळी आहे. लांब उडी त्याने स्वतःहून सोडली आणि चारशे मीटरला आला. जिल्ह्यात तो पहिल्या तिनांत नाही. त्याची वेळ हळूहळू उतरतेय, एवढंच मी खात्रीने सांगू शकतो. त्याला मायर करायचा माझा विचार नाही. पंधराव्या वर्षी त्याच्या खेळावर कुणी फुली मारलेली नाही, तेवढ्यासाठी ही खटपट होती.

आमच्या जिल्ह्यात उशिरा आणि भलत्याच वाटेने वर आलेल्या खेळाडूचं उदाहरण हवं असेल तर किरण नवगिरे आहेत. भालाफेक, गोळाफेक करणारी ही मुलगी क्रिकेटकडे उशिरा वळली. महाराष्ट्राच्या संघात जम बसला नाही, तेव्हा नागालँडकडून खेळली. २०२२ मध्ये तिथून खेळताना टी-ट्वेंटीच्या एका डावात ७६ चेंडूंत १६२ धावा काढल्या. त्याच वर्षी सप्टेंबरात ती भारताकडून खेळली. शेजारच्या बीड जिल्ह्यातला अविनाश साबळे सैन्यात भरती झाल्यावर स्टीपलचेसकडे, म्हणजे अडथळे आणि पाण्याचा खड्डा ओलांडत धावायच्या शर्यतीकडे वळला आणि २०२२ च्या राष्ट्रकुल स्पर्धेत रौप्यपदक घेऊन आला. नागालँडचा संघ आणि सैन्य, दोघांनाही या दोघांच्या पंधराव्या वर्षीच्या गुणपत्रिकेशी देणंघेणं नव्हतं. आज जमतंय का, एवढंच त्यांनी पाहिलं.

फोररनरची धाव

फ्लाखाउच्या प्रकरणातून आम्ही थेट उचललेली गोष्ट एकच. शहरातल्या काही शाळांच्या क्रीडाशिक्षकांनी मिळून आमच्या आंतरशालेय मैदानी स्पर्धेत मुख्य शर्यतींच्या आधी एक फोररनर धाव सुरू केली. यादीत नाव नसलेली, निवडीत गळलेली, दुखण्यातून उठलेली मुलं-मुली यात धावतात. मैदान तेच, फक्कीने आखलेल्या मार्गिका त्याच, घड्याळ धरणारे पंच तेच. बक्षीस नाही, प्रमाणपत्र नाही. वेळ वहीत लिहिली जाते आणि मुख्य शर्यतीच्या निकालाशेजारी फलकावर लागते.

सुरुवातीला विरोध झाला. वेळ जातो, मुख्य खेळाडूंसाठी मैदान खराब होतं, हरलेल्यांचं कौतुक कशाला, अशी कारणं आली. पहिलं कारण खरं होतं, म्हणून धावा फक्त शंभर आणि चारशे मीटरच्या ठेवल्या आणि सकाळी पंच जमायच्या वेळेतच उरकल्या. तिसऱ्या कारणाला उत्तर फलकाने दिलं. चारशे मीटरच्या फोररनर धावेत एक आठवीतली मुलगी अनवाणी धावली. तिच्या शाळेने स्पर्धेचा अर्जच भरला नव्हता. ती चुलतभावाबरोबर बघायला म्हणून आली होती आणि आमच्या एका बाईंनी विचारलं म्हणून रांगेत उभी राहिली. पहिलं वळण तिने चुकीच्या मार्गिकेतून घेतलं, मागून कुणीतरी ओरडल्यावर आत आली, आणि शेवटच्या सरळ पट्ट्यात डोकं मागे टाकून पळाली. तिची वेळ त्या दिवशीच्या मुलींच्या अंतिम शर्यतीत चौथी आली असती. घड्याळ धरणाऱ्या सरांनी आकडा दोनदा पाहिला आणि शेजारच्या पंचांचं घड्याळ मागून घेतलं. दोन्हींत फरक नव्हता.

ती मुलगी आता दुसऱ्या एका शाळेच्या मैदानावर आठवड्यातून चार दिवस सरावाला येते. तिच्या वडिलांना यंत्रमागाच्या पाळीमुळे तिला आणणं-नेणं जमत नाही, म्हणून रिक्षाचं भाडं तीन शिक्षक आळीपाळीने देतात. ही सोय किती दिवस चालेल याचा विचार करावा लागणार आहे, कारण मदतीवर उभ्या असलेल्या गोष्टी परीक्षांच्या मोसमात सगळ्यात आधी थांबतात. शाळेच्या वार्षिक खर्चातच प्रवासाची तरतूद व्हावी यासाठी आम्ही संस्थेकडे अर्ज केलाय.

यंदाच्या स्पर्धेत आठशे मीटरची धावही घ्यायची असं ठरलं आहे. उशिरा वाढणाऱ्या मुलांना शंभर मीटरमध्ये ताकद कमी पडते, आठशेमध्ये त्यांचं खरं कसब दिसायची शक्यता जास्त. वहीत आता वेळेबरोबर जन्मतारीख आणि त्या दिवशीची उंचीही लिहायची आहे, म्हणजे पुढच्या वर्षी तेच मूल पुन्हा आलं तर दोन्ही ओळी शेजारी ठेवता येतील. ज्या शिक्षकांना आपली मुलं आणायची आहेत त्यांनी जन्मदाखल्याची प्रत आणि पालकांचं संमतिपत्र बरोबर ठेवावं. गुडघा किंवा टाच दुखत असलेल्या मुलाला आधी डॉक्टरांना दाखवून मगच आणावं. अर्ज भरायची गरज नाही, शुल्क नाही, आणि गेल्या वर्षी कुठल्याही चाचणीत गळलेल्या मुलाला नाही म्हणायचं नाही, असं आम्ही पंचांशी बोलून घेतलंय.